जमीनविक्रीचा तंटा : दिवाणी कीं फौजदारी?

‘दिवाणी’ आणि ‘फौजदारी’ हे दोन शब्द आपल्या नित्याच्या बोलण्यांत इतके रुळले आहेत कीं, ते मूळचे न्यायशास्त्रांतले नव्हेत याची आठवणही आतां कोणास राहिलेली नाहीं. मोगली अमदानींत ‘दिवाण’ हा वसुलाचा अधिकारी, व ‘फौजदार’ हा शिबंदी बाळगून मुलुखाचा बंदोबस्त ठेवणारा अधिकारी. एकाच्या हातीं हिशेबाचें दफ्तर, दुसऱ्याच्या हातीं तलवार. १७६५ सालीं बादशहा शहा आलम यानें बंगाल, बिहार व ओरिसा या प्रांतांची दिवाणी ईस्ट इंडिया कंपनीस दिली, आणि १७७२ सालीं वॉरन हेस्टिंग्ज यानें जिल्ह्याजिल्ह्यांत दोन निरनिराळ्या अदालती स्थापिल्या. जमीनजुमला, वारसा, देणेंघेणें व करारमदार यांचे वाद ऐकणारी ती दिवाणी अदालत. खून, दरोडा, चोरी, बनावट कागद यांची चौकशी करणारी ती फौजदारी अदालत. पहिलींत कंपनीचा कलेक्टर बसे, दुसरींत काजी व मुफ्ती बसत. पुढें मुंबई इलाख्यांतही सदर दिवाणी अदालत व सदर फौजदारी अदालत अशीं दोन न्यायासनें होतीं. १८६२ सालीं मुंबईस हायकोर्ट झालें व तीं गेलीं. नांवें मात्र मराठी माणसाच्या जिभेवर कायमचीं राहिलीं.

आज जमिनीच्या खरेदीविक्रींत जो कोणी फसला, किंवा आपण फसलों असें ज्यास वाटलें, त्याच्या मनांत पहिला प्रश्न येतो तो हाच : फिर्याद पोलिसांत द्यावी कीं दावा दिवाणी कोर्टांत लावावा? पैसे गेलेले असतात, जमीन मिळालेली नसते, आणि संतापाला फौजदारीची वाट जवळची वाटते. दिवाणी दाव्याचें नांव काढलें कीं तारखांमागून तारखा डोळ्यांपुढें उभ्या राहतात. उलट, फौजदारानें एकदां चौकीवर बोलावलें कीं प्रतिपक्षी दुसऱ्या दिवशीं पैसे घेऊन दारांत उभा राहील, अशी आशा असते. ही आशा कितपत न्याय्य आहे, आणि या दोन अदालतींमधील रेषा मुळांत कशासाठीं ओढली गेली, हें इतिहासाच्या साहाय्यानें पाहण्याजोगें आहे. प्रस्तुत लेखकाचें म्हणणें थोडक्यांत असें कीं, ही रेषा नुकसानीच्या आकड्यावरून ठरत नाहीं, व दुखावलेल्या मनाच्या तीव्रतेवरूनही ठरत नाहीं. खोटेपणा व्यवहारांत केव्हां शिरला, या गोष्टीवरून ती मुख्यतः ठरते. आणि ती पुसली गेली म्हणजे पहिला फटका बहुधा दुबळ्यासच बसतो.

आपल्या प्राचीन धर्मशास्त्रांत असे दोन वेगळे दरबार नव्हते. मनुस्मृतीनें व्यवहाराचीं जीं अठरा पदें सांगितलीं, त्यांत ऋणादान, निक्षेप व सीमावाद आहेत, त्याचप्रमाणें चोरी, साहस व मारहाणही आहेत. राजा किंवा त्याचा प्राड्विवाक एकाच आसनावरून सर्वांचा निवाडा करी. परंतु दरबार एक होता म्हणून विवेक नव्हता, असें मात्र समजूं नये. अठरा पदांतील तिसरें पद ‘अस्वामिविक्रय’ हें आहे. अस्वामिविक्रय म्हणजे जो मालक नाहीं त्यानें केलेली विक्री. अशा विक्रेत्यास मनु सरसकट एकच शिक्षा सांगत नाहीं. विकणारा धन्याच्या कुळांतला असेल तर त्यास सहाशें पणांचा दंड. ज्याचा धन्याच्या कुळाशीं कांहीं संबंध नाहीं व ज्यास कसलीही सबब नाहीं, त्यास मात्र चोराचा दोष. भाऊबंदकींतला मनुष्य आपलाही हिस्सा आहे असें समजून विकूं शकतो; परक्यास तसें समजण्यास जागाच नसते. या फरकांत आजच्या रेषेचें बीज आहे. याज्ञवल्क्यानें आपली दृष्टि खरेदीदाराकडेही वळविली : जो एकांतांत, अवेळीं, हलक्या किंमतीनें व हीन मनुष्याकडून वस्तु विकत घेतो, त्यासही तो चोर गणतो. व्यवहाराची रीतच मनांतलें कपट सांगून टाकते, हें त्या स्मृतिकारानें ओळखलें होतें.

जमिनीच्या बाबतींत तर कपटास वावच राहूं नये अशी योजना शास्त्रकारांनीं केली होती. चालुक्यांच्या कल्याण नगरींत ‘मिताक्षरा’ लिहिणारा विज्ञानेश्वर सांगतो कीं, जमीन एका हातांतून दुसऱ्या हातांत जाते ती गांव, भाऊबंद, शेजारी व वारस यांच्या संमतीनें, आणि सुवर्ण व उदक देऊन. गांवाची संमति कशास हवी, याचें त्यानें दिलेलें कारण मार्मिक आहे. व्यवहार उघड्यावर यावा, एवढ्यासाठीं ती हवी; आणि शेजाऱ्याची हवी ती पुढें बांधावरून तंटा उपजूं नये म्हणून. मराठेशाहींतील मिरासपत्रें व महजर पाहिले म्हणजे हीच परंपरा पुढें चालू असलेली दिसते. पाटील, कुलकर्णी, बलुतेदार व शेजारचे गांवकरी त्यांवर साक्षी घालीत. ज्यास लिहितां येत नसे तो कुणबी नांगराची निशाणी करी. साऱ्या गांवानें पाहिलेली विक्री नाकारणें सोपें नव्हतें.

मात्र त्या काळच्या न्यायपद्धतींतील एक गोष्ट आजच्या मनुष्यास खटकल्याशिवाय राहत नाहीं. तंटा जिंकणाऱ्याकडून सरकार ‘हरकी’ घेई व हरणाऱ्याकडून ‘गुन्हेगारी’. वतनाचा किंवा मिराशीचा वाद हरलेला मनुष्य, नांवापुरता कां होईना, गुन्हेगार ठरे! खोटा वाद सांगणें हाच अपराध, अशी त्यामागील कल्पना असावी. पण प्रामाणिकपणें चुकलेला वादी आणि जाणूनबुजून खोटें बोललेला वादी या दोघांच्या कपाळीं एकच शब्द लागे. दिवाणी व फौजदारी यांमधील रेषा अस्पष्ट असली म्हणजे काय होतें, त्याचा हा आपल्या घरचाच दाखला होय.

रेषा कागदावर असूनही ती ओलांडली गेली म्हणजे काय होतें, त्याचा दाखला कलकत्त्यास मिळतो. बोलाकीदास नांवाच्या सावकाराच्या मालमत्तेवर महाराजा नंदकुमार यानें एका रोख्याच्या आधारें हक्क सांगितला होता. सावकाराच्या मृत्यूनंतर त्या रोख्याबद्दलचा वाद दिवाणी अदालतींत गेला व तेथें रेंगाळत पडला. १७७५ च्या मार्च महिन्यांत नंदकुमारानें हेस्टिंग्जवर लाचखाऊपणाचा उघड आरोप केला. मे महिन्यांत त्याच जुन्या रोख्याच्या बनावटीबद्दल नंदकुमार पकडला गेला. जूनमध्यें नव्यानें स्थापन झालेल्या सुप्रीम कोर्टांत खटला चालला. आणि ५ ऑगस्ट १७७५ रोजीं त्यास इंग्लंडच्या कायद्यान्वयें फांशीं दिलें गेलें. रोखा खरा होता कीं खोटा, व या खटल्यामागें हेस्टिंग्जचा हात होता कीं नव्हता, यावर इतिहासकारांत आजही एकमत नाहीं. पण दिवाणींत पडून असलेला पैशाचा वाद राजकीय वैराच्या ऐन मोसमांत फौजदारींत उठून बसतो, तेव्हां न्यायाधीशाचा हेतु कितीही शुद्ध असला तरी लोकांचा त्यावर विश्वास बसत नाहीं, एवढें तरी त्यावरून खचित शिकतां येतें.

याहून मोठा धडा पुढें १८६० सालीं बंगालच्या निळीच्या शेतांनीं दिला. नीळवाले गोरे मळेवाले रयतेस आगाऊ रक्कम देत व नीळ पेरण्याचा करार लिहून घेत. तो करार पिढ्यान्‌पिढ्या मानेवरून उतरत नसे. १८५९ सालीं रयतेनें नीळ पेरण्याचें साफ नाकारलें. मळेवाल्यांची तक्रार अशी कीं, दिवाणी दाव्यानें आम्हांस काय मिळणार? रयत कफल्लक, आणि पेरणीचा हंगाम तर निघून जाणार. तक्रारींत तथ्य नव्हतें असें नाहीं. पण सरकारनें जो उपाय केला तो भयंकर होता. १८६० चा अकरावा कायदा करून, निळीचा करार मोडणें हाच तात्पुरत्या मुदतीपुरता अपराध ठरविण्यांत आला, व मॅजिस्ट्रेटानें संक्षिप्त चौकशी करून शिक्षा द्यावी असें ठरलें. कर्जाचा व कराराचा वाद एका फटक्यानें तुरुंगाचा वाद झाला, आणि रयत गजाआड गेली. रेषा पुसली गेली ती कोणाच्या सोयीसाठीं, व दंड भोगला तो कोणीं, हें वेगळें सांगण्याची आवश्यकता नाहीं.

नवल असें कीं, त्याच वर्षीं, ऑक्टोबर महिन्यांत, मेकॉलेच्या मसुद्यावरून सिद्ध झालेलें भारतीय दंड विधान मंजूर झालें, आणि त्यांत ‘ठकवणूक’ या अपराधाची व्याख्या करणाऱ्या ४१५ व्या कलमाखालीं दिलेल्या उदाहरणांत नीळच आहे! उदाहरणाचा भावार्थ असा : नीळ देण्याचा मुळींच विचार नसतांना, देणार असें भासवून कोणी आगाऊ पैसे घेतले, तर ती ठकवणूक, परंतु पैसे घेतेवेळीं देण्याचा खरा विचार होता व मागाहून करार मोडला, तर ती ठकवणूक नव्हे, त्यास दिवाणी दाव्यानेंच जबाबदार धरावें. त्याच कलमाखालीं जमिनीचेंही उदाहरण आहे. एकानें आपली मिळकत एकास विकली. त्या विक्रीमुळें आपला हक्क संपला हें ठाऊक असतां, ती गोष्ट लपवून त्यानें तीच मिळकत दुसऱ्यास विकली किंवा गहाण टाकली, व त्याच्याकडून पैसे घेतले, तर तो ठक. दीडशें वर्षांहून अधिक काळ हें कलम चाललें. १ जुलै २०२४ पासून दंड विधानाच्या जागीं भारतीय न्याय संहिता आली, तरी तिच्या ३१८ व्या कलमांत व्याख्येचा गाभा तोच राहिला आहे, व हीं दोन्ही उदाहरणेंही राहिलीं आहेत.

तेव्हां कसोटी ती ही. वचन मोडणें आणि मोडण्यासाठींच वचन देणें या दोन गोष्टी बाहेरून सारख्या दिसल्या तरी एक नव्हेत. २००० सालीं बिहारमधील एका जमीनव्यवहारांतून निघालेल्या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयानें हाच भेद पुन्हां स्पष्ट केला : व्यवहाराच्या आरंभींच कपटबुद्धि होती असें दिसलें पाहिजे, नुसतें मागाहून वचन पाळलें नाहीं एवढ्यावरून आरंभींची कपटबुद्धि गृहीत धरतां येत नाहीं. मागाहूनची वागणूक पुरावा म्हणून उपयोगी पडते खरी, पण ती मूळच्या हेतूची जागा घेऊं शकत नाहीं.

ही कसोटी नेहमींच्या तंट्यांस लावून पाहूं. समजा, कोणी इसारा घेऊन साठेखत करून दिलें आणि पुढें भाव चढला म्हणून खरेदीखत करून देण्यास तो नाकारूं लागला. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याप्रमाणें साठेखतानें जमिनींत हक्क उत्पन्न होत नाहीं. उत्पन्न होतो तो करार पुरा करून मागण्याचा अधिकार. हा तंटा निव्वळ दिवाणी होय. करारांत तारीख ठरली असेल तर त्या तारखेपासून, नसेल तर नकार कळल्यापासून, तीन वर्षांच्या आंत दावा लावावा लागतो. आणि २०१८ च्या दुरुस्तीनंतर असा करार पुरा करून देण्याचा हुकूम ही न्यायाधीशाच्या मर्जीची गोष्ट न राहतां सर्वसाधारण नियम झाली आहे. पोलिसचौकीच्या पायऱ्या झिजविण्यांत ज्याचीं हीं तीन वर्षें निघून गेलीं, त्याची गत हातचें सोडून पळत्याच्या पाठीमागें लागणाऱ्यासारखी होते.

वांटणी, वारसा, बांध, क्षेत्राची कमीजास्त मोजणी, हे तंटेही दिवाणीच. सातबाऱ्यावर नांव लागलें किंवा फेरफार मंजूर झाला, यानें मालकी सिद्ध होत नाहीं. ती नोंद महसुलाकरितां असते, व मालकीचा शेवटचा शब्द दिवाणी न्यायालयाचा. कोणी दांडगाईनें ताबा घेतला व शांतताभंगाची भीति उत्पन्न झाली, तर कार्यकारी दंडाधिकारी ताब्यापुरता हुकूम देऊं शकतो. पण मालक कोण हें तो ठरवीत नाहीं. अशा रीतीनें घालवून दिलेल्या मनुष्यास सहा महिन्यांच्या आंत दिवाणी दावा लावून, मालकीचा प्रश्न न काढतां, ताबा परत मागतां येतो, ही तरतूद फार थोड्यांस माहीत असते.

याच्या उलट टोकास तोतयाची विक्री. मालक परगांवीं, किंवा मरून गेलेला. त्याचें नांव घेऊन, त्याची सही ठोकून, भलताच मनुष्य दुय्यम निबंधकापुढें उभा राहतो व खरेदीखत करून देतो. येथें बनावट कागद, तोतयेगिरी व ठकवणूक हे तिन्ही अपराध उघड आहेत. ‘हें दिवाणी प्रकरण आहे, कोर्टांत जा,’ असें सांगून अशा मनुष्यास चौकीवरून परत पाठविणें हा त्याच्यावर दुसरा अन्याय होय. दखलपात्र गुन्हा उघड होत असेल तर खबर नोंदविणें पोलिसांवर बंधनकारक आहे, असें २०१३ सालीं सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानें ठरविलें; व्यापारी देवघेवींसारख्या प्रकरणांत मात्र आधीं प्राथमिक चौकशी करण्यास त्यानें मुभा ठेविली.

या दोन टोकांमध्यें एक अवघड प्रकार आहे, आणि तो मनूचा जुना अस्वामिविक्रयच होय. एखादा मनुष्य स्वतःच्याच नांवानें, स्वतःच्याच सहीनें, जमीन आपली आहे असें म्हणून दुसऱ्याची जमीन विकतो. खरा मालक संतापून बनावटगिरीची फिर्याद करतो. २००९ सालीं बिहारमधूनच आलेल्या एका प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयानें असें सांगितलें कीं, आपण दुसराच कोणी आहों असें विक्रेत्यानें भासविलेलें नाहीं, म्हणून कायद्याच्या अर्थानें हा ‘खोटा दस्तऐवज’ नव्हे, व बनावटगिरीचा आरोप टिकत नाहीं. ठकवणूक झालीच असेल तर ती खरेदीदाराची; फिर्याद त्यानें करावी. खऱ्या मालकाची फसवणूक झालेली नाहीं, कारण त्यानें कांहीं विश्वासून दिलेलें नाहीं. आणि त्याची जमीन अशा कागदानें जातही नाहीं. त्यानें दिवाणी न्यायालयांत मालकी जाहीर करून घ्यावी. वरवर पाहतां हा निर्णय कोरडा वाटतो. पण विचार करा : दोन चुलतभावांपैकीं प्रत्येकजण जमीन आपली म्हणत असतां, एकानें विकली एवढ्यावरून दुसरा त्यास तुरुंगांत पाठवूं शकला असता, तर मालकीचा निवाडा होण्यापूर्वींच शिक्षा होऊं लागली असती.

दोन न्यायालयांच्या हातीं देण्याजोगें काय आहे, हेंही पाहिलें पाहिजे. फौजदारी न्यायालय मनुष्यास तुरुंगांत घालूं शकतें. खरेदीखत करून देऊं शकत नाहीं. तेथें शंकेचा फायदा आरोपीस मिळतो. दिवाणींत कोणत्या बाजूचें म्हणणें अधिक संभवनीय, एवढेंच पाहतात. म्हणून एकाच घटनेंतून दोन्ही कामें निघूं शकतात व एकाच वेळीं चालूं शकतात. १९५४ सालीं सर्वोच्च न्यायालयानें अशा प्रसंगीं फौजदारी काम सामान्यतः आधीं चालावें असें म्हटलें. तेव्हां खऱ्या ठकवणुकींत दोन्ही दारें उघडीं आहेत. आक्षेप आहे तो, शिक्षा व्हावी अशी इच्छा नसून केवळ प्रतिपक्ष्याच्या मानेवर हात ठेवून तडजोड करून घ्यावी, एवढ्यासाठीं दुसरें दार ठोठावण्यास. अशी फिर्याद पैसे मिळतांच मागें घेतली जाते; मग तो अपराध होता कोठें?

परंतु लोक असें कां करतात, याचा विचार न करतां त्यांस नुसता उपदेश करणें सोपें आहे. १२ मे १८७५ रोजीं पुणें जिल्ह्यांतील सुपें येथें शेतकऱ्यांनीं सावकारांच्या दुकानांवर चाल केली, आणि जेथें जेथें दंगा पसरला तेथें रोख सोन्याचांदीवर नव्हता, तर कर्जरोख्यांवर होता. ते हिसकावून जाळले गेले. दिवाणी न्यायालय त्या शेतकऱ्यांस आपलें वाटत नव्हतें. तेथें कागद बोले, माणूस बोलत नसे. जमीन हुकूमनाम्यानें निघून जाई. सरकारनें चौकशी केली, आणि १८७९ सालीं पुणें, सातारा, सोलापूर व अहमदनगर (आजचें अहिल्यानगर) या चार जिल्ह्यांसाठीं दक्षिणेंतील शेतकऱ्यांचा कायदा झाला. त्यानें सारा सावकारीचा धंदा गुन्हा ठरविला नाहीं. दिवाणी न्यायाधीशासच कागदाच्या मागें जाऊन व्यवहाराचा मूळ इतिहास तपासण्यास सांगितलें, तडजोड करणारे पंच नेमले, खेड्यापाड्यांत दस्तऐवजांची नोंदणी आणली. पुढें दुरुस्ती होऊन, खरेदीखत म्हणून लिहिलेला कागद वस्तुतः गहाणाचा होता काय, हें तोंडी पुराव्यानें पाहण्याचीही मोकळीक न्यायाधीशास मिळाली. या कायद्यानें सर्व दुःखें दूर झालीं असें नाहीं. परंतु औषध दुखऱ्या जागींच लावलें गेलें. नीळवाल्यांच्या कायद्यानें दिवाणीचें अपयश झांकण्यासाठीं तुरुंग पुढें केला. या कायद्यानें दिवाणीसच सुधारण्याचा यत्न केला.

आजचा प्रश्न याहून निराळा नाहीं. शहाण्यानें कोर्टाची पायरी चढूं नये, ही म्हण आपल्या लोकांनीं अनुभवानेंच केली आहे. आणि ती पायरी टाळून चौकीची पायरी चढणाऱ्यास नुसतें दूषण देऊन भागणार नाहीं. साठेखताचा दावा दहा वर्षें चालला तर ज्यानें आयुष्याची पुंजी इसाऱ्यांत घातली त्यानें कोणाच्या तोंडाकडे पाहावें? दिवाणी न्याय वेळेवर मिळूं लागल्याशिवाय फौजदारीवरील हा भार उतरणार नाहीं. दुसरीकडे, खरेदी करणाऱ्यानेंही विज्ञानेश्वराचा जुना विचार विसरूं नये. गांव, भाऊबंद व शेजारी यांच्यासमक्ष व्यवहार करण्याची जी रीत होती, तिचें काम आज १९०८ च्या नोंदणी कायद्याकडे आलें आहे. पण नोंदणी ही साक्ष आहे, मालकीची हमी नव्हे. मागचे दस्त पाहणें, बोजा तपासणें, वृत्तपत्रांत जाहीर सूचना देणें, आणि जमिनीवर प्रत्यक्ष जाऊन शेजारच्या बांधावरील मनुष्यास दोन प्रश्न विचारणें, इतकें केलें तर पुष्कळ तंटे दोन्ही अदालतींच्या बाहेरच मिटतील. आणि इतकें करूनही तंटा उपजलाच, तर फिर्यादीचा कागद हातीं घेण्यापूर्वीं स्वतःस एवढें विचारावें : समोरच्यानें मला फसविण्यासाठींच शब्द दिला होता, कीं दिलेला शब्द त्यास पाळवला नाहीं? पहिलें खरें असेल तर फौजदाराकडे जाण्यास संकोच नको. दुसरें खरें असेल तर नीळवाल्यांची वाट आपली नव्हे.